ह्यांचा विसावा गीतोत्सव

४ सप्टेंबर, रविवार

सकाळी सासूबाईंच्या स्मृतिपाटीपुढे भाताची वाटी ठेवली, घंटा वाजवली आणि नामस्मरणाला बसले. पाचव्यांदा नाव घेते न घेते तोच सहा चटया मावतील एवढ्या बैठकीच्या खोलीतून तुताऱ्या सुरू झाल्या. हे टेपरेकॉर्डर लावून बसले होते. आवाज एवढा, की देव्हाऱ्यातली वाटी थरथरत होती. जप सोडून उठावं लागलं. अमिदा बुद्ध मला क्षमा करील, त्याच्याही कानठळ्या बसल्या असतील.

कपडे वाळत घालताना शेजारच्या होशिना-सान कुंपणापलीकडून म्हणाल्या, "कुरोसु-सान, हे गाणं आता आमच्या मांजरालासुद्धा पाठ झालं. दुसरं लावायला सांगा की." मी वाकून माफी मागितली. एकोणतीस वर्षं ह्यांच्या वतीने माफी मागत आले आहे. मुख्य नोकरी माझीच, असं कधीकधी वाटतं.

लोक विचारतात, तुमचे यजमान टीव्हीवर करतात तरी काय? आता काय सांगायचं? चुटकी वाजवतात! गाणं थेट चालू असतं, हे पडद्यांनी भरलेल्या भिंतीसमोर बसतात, चुटकी वाजवतात, शेजारचा माणूस बटण दाबतो आणि देशभर घराघरातलं चित्र बदलतं. आता गायिकेचा चेहरा, आता व्हायोलिनवाले, आता वरून अख्खा मंच. एका गाण्यात साठ-सत्तर चुटक्या. कुठे वाजवायची ते गाण्याच्या कागदावर पेन्सिलीने आधीच आखून ठेवतात. एक चुकली की चुकली, थेट कार्यक्रमात खोडायला रबर नसतं.

तीन नोव्हेंबरला शरद गीतोत्सव आहे. तीन तास, सगळा थेट. एकोणीस वर्षं ह्यांनीच केला. विसावा करायचा आणि मग घरी बसायचं, ही एकच इच्छा ह्यांनी दोन वर्षांपासून धरली आहे. पण कंपनीने अजून नाव सांगितलेलं नाही. सेगावाला देतील म्हणतात. सेगावा म्हणजे ह्यांच्या हाताखाली चहाचे पेले विसळत मोठा झालेला.

हिशेबाच्या वहीत दर दिवसाखाली चार ओळींची जागा सोडलेली असते, तिथे हे लिहिते. पुरली नाही की पुढच्या दिवसाची घेते. पुढच्या दिवशी काही घडत नाहीच.

७ सप्टेंबर, बुधवार

आज जेवताना हे म्हणाले, "भाताची बादली इकडे घे. तू डाव्या बाजूला बस."

एकोणतीस वर्षं मी ह्यांच्या उजव्या हाताला बसून भात वाढला. सासूबाईंनी लग्नाच्या दुसऱ्या दिवशी दाखवलेली जागा ती. मी विचारलं, "का हो? उजवीकडे माझं तोंड वाईट दिसतं का?" उत्तर नाही. सान्मा माशाचे काटे काढत राहिले. पुन्हा विचारलं, तरी उत्तर नाही. म्हातारपणी माणूस हट्टी होतो म्हणतात, पण हा तर अपमान झाला. बादली उचलली, डावीकडे नेली आणि मुद्दाम आपटली. तेव्हा मात्र वर पाहिलं.

१६ सप्टेंबर, शुक्रवार

नाव जाहीर झालं. ह्यांचंच!

शुभ प्रसंगाचा तांबडा भात केला. वाटीभर देव्हाऱ्यात ठेवला. संध्याकाळी सेगावा साकेची बाटली घेऊन आला. पोटात जळत असणार, पण तोंडाने म्हणाला, "वहिनी, आम्ही सगळे शिकाऊ. चुटकी असावी तर कुरोसु-सानचीच."

मी म्हटलं, "आणि तुमची कधी वाजायची?"

"पुढच्या वर्षी. यंदा बोटांना तेल लावून ठेवतो."

हे हसले नाहीत. सेगावा उजवीकडे बसला होता. तो एवढं बोलत होता आणि हे पेल्यात बघत होते. मी हसले तेव्हा जरा उशिरा हेही हसले. एका पेल्यात चढायला लागली आता.

निघताना बूट घालता घालता सेगावा म्हणाला, "मिझोगुची-सान पण आहेत ह्या कामावर. त्या शेजारी असल्या की कुरोसु-सान निर्धास्त असतात."

कोण मिझोगुची-सान? हे म्हणाले, वेळ सांगणारी बाई, दोन वर्षांपासूनची. घड्याळ घेऊन दिग्दर्शकाला खेटून बसते आणि 'आता तीस सेकंद, आता दहा' असं सांगते. मी विचारलं, लग्न झालंय? म्हणाले, "मला काय ठाऊक?" दोन वर्षं शेजारी बसते आणि ठाऊक नाही. असं असतं होय?

१८ सप्टेंबर, रविवार

कान्नोन देवीचा दिवस. देवळात जाऊन आले. गर्दीत एका म्हातारीने माझ्या पायावर काठी टेकली आणि माफीही मागितली नाही. देवीपुढे उभं राहून असे विचार मनात आणू नयेत, पण काठीला खिळा होता.

२७ सप्टेंबर, मंगळवार

आज जे पाहिलं ते लिहायला हात धजत नाही, तरी लिहिते.

दुपारी होशिना-साननी हाक मारली. "लवकर या! तुमचे यजमान टीव्हीवर!" हातातला मुळा तसाच टाकून गेले. पडद्यामागचं काम दाखवणारा पाच मिनिटांचा कार्यक्रम होता. काळोखी खोली, समोर पडदेच पडदे, आणि मध्ये हे. चेहरा असा, की मी कधी पाहिला नाही. चुटकी, चुटकी, चुटकी. खरं सांगायचं तर मला अभिमान वाटला. होशिना-सान म्हणाल्या, "बघा की, घरी बागेतल्या दगडासारखे बसतात, आणि इथे जीव आलाय."

मग कॅमेरा जरा सरकला. डाव्या बाजूला एक बाई, चाळिशीची, केस मागे बांधलेले, गळ्यात घड्याळ. आणि तिचा हात ह्यांच्या मनगटावर. टेकलेला नव्हता, चांगला ठेवलेला होता. तिची बोटं ह्यांच्या मनगटावर हलत होती. एक, दोन, तीन, चार. एक, दोन, तीन, चार. मांजराच्या पाठीवरून फिरवावीत तशी. आणि हे शांत. हात काढून घेत नव्हते.

होशिना-सान एकदम गप्प झाल्या. ही बाई गप्प बसली की समजावं, आता तीन गल्ल्यांत बातमी जाणार.

"कामाच्या ठिकाणी असं चालतं हल्ली," असं म्हणाल्या आणि मला बिस्किटं देऊ लागल्या. सांत्वनाची बिस्किटं! मी घेतली नाहीत.

एवढ्यासाठी मला उजवीकडून उठवलं तर! तिच्या बाजूला बसवून तुलना करायची असेल.

२८ सप्टेंबर, बुधवार

सकाळी सरळ विचारलं, "टीव्हीवर त्या बाईचा हात तुमच्या हातावर होता. का?"

हे बराच वेळ माझ्या तोंडाकडे बघत राहिले. मग म्हणाले, "ते कामाचं आहे."

"कसलं काम? मी मॅट्रिक झालेली आहे. समजावून सांगितलं तर कळतं मला."

तोंड उघडलं. काहीतरी सांगतील असं वाटलं. मग उठले, छत्री घेतली आणि गेले. पाऊस नव्हता.

आजपासून चहा सोडला. नवस साधा आहे, ती बाई ह्यांच्या शेजारून उठेपर्यंत चहाचा थेंब घेणार नाही. आईने आजोबांच्या आजारात तीन वर्षं चहा सोडला होता. मला गरम पाणी चालतं.

८ ऑक्टोबर, शनिवार

डोकं दुखतं. चहाविना दहा दिवस झाले.

ह्यांचा डबा घरी राहिला होता (राहिला नव्हता, मी ठेवून घेतला होता), तो घेऊन कंपनीत गेले. फाटकावरच्या माणसाने खाली बसवलं. पंधरा मिनिटांनी डबा घ्यायला हे आले नाहीत, ती आली. मिझोगुची.

टीव्हीवर दिसते त्याहून थकलेली आहे. कोटाच्या बाहीची शिवण उसवलेली. घर सांभाळणारी नाही, हे तिथेच कळलं.

"वहिनी, तुम्ही उगाच त्रास घेतलात," म्हणाली. वहिनी म्हणे! ओळख ना पाळख.

मी म्हटलं, "त्रास कसला? माझ्या नवऱ्याची काळजी मीच घेते. बाकीच्यांनी घ्यायची गरज नाही."

ती खाली वाकली. मग आजूबाजूला बघून हळूच म्हणाली, "वहिनी, एक विचारू? घरी कुरोसु-सान कसे असतात? म्हणजे... तुम्ही कोणत्या बाजूला बसता?"

माझ्या घरात मी कोणत्या बाजूला बसते ते ही मला विचारते! कानामागून आली नि तिखट झाली, ती अशी.

"हा प्रश्न विचारायला तुम्हाला लाज वाटत नाही?"

"चुकलं माझं. त्यांनी सांगितलं असेल असं मला वाटलं." तिचा चेहरा पडला. "त्यांना एकदा डॉक्टरकडे न्या, वहिनी. उत्सव झाला की लगेच. माझ्या हातात वेळ सांगण्यापलीकडे काही नाही."

"तुमच्या हातात काय काय आहे ते सगळ्या देशाने पाहिलंय," मी म्हटलं आणि डबा बाकावर ठेवून निघाले. फाटकावरचा माणूस ऐकत होता. ऐकू दे.

डॉक्टरकडे न्या म्हणे. म्हणजे ह्यांना रोगी ठरवायचं, म्हातारं ठरवायचं, आणि जागा सेगावाला. दोघांचं संगनमत असणार. कसं सुचलं नाही मला आधी!

१२ ऑक्टोबर, बुधवार

पत्र लिहिलं. तीन वेळा खरडलं, चौथ्यांदा ब्रशने नीट उतरवलं.

कंपनीला लिहून उपयोग नाही, तिथे आपल्या माणसांना झाकतात. गीतोत्सवाचा खर्च साबणवाले करतात, म्हणून त्यांच्या मुख्य कचेरीत पाठवलं. साबण आम्ही बायकाच विकत घेतो, आमचं त्यांना ऐकावं लागतं. मजकूर इथे ठेवते:

'मी एक सामान्य गृहिणी. अठरा वर्षं आपलाच साबण वापरते. आपल्या पैशावर चालणाऱ्या कार्यक्रमाच्या खोलीत एक कामकरी बाई परपुरुषाचा हात धरून बसलेली टीव्हीवर दाखवली. माझ्या शेजारणीच्या शाळकरी मुलीने ते पाहिलं. आपल्या साबणाला हे शोभतं का? त्या वयस्क सज्जनांचा यात काही दोष दिसत नाही. उत्सवात ती बाई तिथे असेल, तर आमच्या गल्लीतल्या अकरा घरांना दुसरा साबण शोधावा लागेल.'

सही केली नाही. 'एक प्रेक्षक' असं लिहिलं. अकरा घरांना विचारलेलं नाही, पण विचारलं असतं तर ती हो म्हणाली असती. होशिना-सानची मुलगी तेव्हा शाळेत होती, तिने काही पाहिलं नाही. पण पाहिलं असतं तर? देवाला हेतू कळतो.

टपालपेटीत टाकताना दोन्ही हात जोडले.

२२ ऑक्टोबर, शनिवार

कान्नोन पावली!

हे पाचलाच घरी आले. राखेसारखा चेहरा. कोटही न काढता चटईवर बसले. "मिझोगुचीला उत्सवातून काढलं," म्हणाले. साबणवाल्यांचा फोन आला होता, कोणीतरी पत्र लिहिलं होतं. वरच्या साहेबांनी ह्यांना बोलावून विचारलं, "हात का धरते ती?" ह्यांनी कारण सांगितलं नाही. नुसतं म्हणाले, चूक झाली. तिनेही सांगितलं नाही. आता वेळ सांगायला एक तरुण मुलगा देणार आहेत, आणि तो नियमाप्रमाणे दोन खुर्च्या सोडून बसणार.

मी म्हटलं, "बरं झालं. मोकळं बसता येईल."

ह्यांनी वर पाहिलं. "ती नसेल तर..." एवढंच म्हणाले. वाक्य पुरं केलं नाही. जेवले नाहीत.

मी स्वयंपाकघरात जाऊन चहा केला. चोवीस दिवसांनी. पहिल्या घोटाला डोळ्यांत पाणी आलं. एवढा कडू कसा लागतो हे विसरलेच होते.

२९ ऑक्टोबर, शनिवार

हल्ली घरात असतील तेव्हा हे स्पीकरला टेकून बसतात. तळहात त्याच्या जाळीवर ठेवतात, डोळे मिटतात. तापलेल्या मुलाच्या कपाळावर हात ठेवून आई बसते तसे. मी धूळ पुसायला गेले तरी हात काढला नाही. दुसऱ्या हाताने चुटक्या. गाण्याचे कागद पाहतही नाहीत, सगळे तोंडपाठ केलेत. तीन तासांची अठ्ठावीस गाणी, दर गाण्यात सत्तर जागा. ह्या वयात! मी मनातल्या मनात पाठ थोपटली.

दुपारी मला हाक मारली. "इथे बस. डावीकडे. गाणं लावतो. ताल धर."

"कुठे धरू?"

ह्यांनी बाही वर सारली आणि मनगट पुढे केलं. "इथे. बोटाने. एक-दोन-तीन-चार. वादक थांबले की तू थांबायचं, ते पुढे गेले की पुढे."

माझ्या अंगाचा भडका उडाला. जे ती करत होती ते आता मी करायचं? तिची उणीव भासते म्हणून बायकोला बसवायचं?

"दिवसाढवळ्या हात धरून बसायला आपण काय कोवळी पोरं आहोत?" मी म्हटलं. "होशिना-सानच्या खिडकीतून सगळं दिसतं. आणि माझा मुळा किसायचा राहिलाय."

ह्यांनी बाही खाली केली. कफाचं बटण लावायला फार वेळ लागला.

आज मुळा जाड किसला गेला.

३ नोव्हेंबर, गुरुवार

क्रमाने लिहिते.

पहाटे जप केला. ह्यांच्यासाठी धुतलेला शर्ट काढला. निघताना मी म्हटलं, "मन लावून करा." पाठमोरे होते, बोलले नाहीत.

सहा वाजता होशिना-सान आणि मागच्या घरातल्या तिघी आल्या. मीच बोलावलं होतं. त्या दिवशी पाहिलं ते पुसून निघावं, हा हेतू. भाताच्या पापड्या ठेवल्या, चहा केला.

पहिला तास सोन्यासारखा गेला. तुताऱ्या वर आल्या की चित्रात तुताऱ्या, गायकाने मान वळवली की समोरून तोच चेहरा. मी चुटक्या ओळखत होते, महिनाभर भिंतीआडून ऐकल्या होत्या. "आता वरून दाखवतील," मी सांगायचे, आणि दाखवायचे. मागच्या घरातली म्हणाली, "अगबाई, तुम्हीच करता की काय!" सगळ्या हसल्या. असं सुख मला फार वर्षांत झालं नव्हतं.

मग तोनेगावा हात्सुए आल्या. सत्तरीच्या गायिका. गेल्या आठवड्यात त्यांची बहीण वारली. पहिलं कडवं गायलं, आणि दुसऱ्याच्या तोंडाशी त्यांचा आवाज फुटला. थांबल्या. वाद्यवृंदाच्या मास्तरांनी हात फिरवून मधलं संगीत परत घ्यायला लावलं. नंतर आणखी एकदा. त्या सावरेपर्यंत वाजवत राहायचं, असं.

चित्र मात्र थांबलं नाही.

बासरी वाजत होती, दिसत होते ढोल. मग रिकामा जिना. मग त्यांची पाठ. त्या डोळे पुसत असताना वरून अख्खा मंच, आणि कडेला एक माणूस खुर्ची उचलून नेताना. मग त्यांचं नाक, अगदी जवळून, रुमालात. नेमक्या वेळेवर एकामागून एक चित्र बदलत होतं, पण ती वेळ दुसऱ्याच गाण्याची होती. त्या पुन्हा गायला लागल्या तेव्हा गाणं संपल्यावर टाळ्या वाजवायचे ते लोक दिसले, आणि त्यांचे हात मांडीवर.

"कॅमेऱ्याला चक्कर आली का काय?" होशिना-सान म्हणाल्या. एकजण फिसकन हसली. मग दुसरी.

मी म्हणत होते, "थांबा. आता सावरतील." तोंडाने एक-दोन-तीन-चार मोजत होते. माझं मोजणं गाण्याबरोबर चाललं होतं, आणि ह्यांचं नव्हतं. ते बासरीवाले एवढे फुंकत होते. ह्यांना ऐकू येत नव्हतं का?

हे वाक्य लिहून झाल्यावर मी लेखणी खाली ठेवली होती. आता परत उचलली आहे.

तीन मिनिटांनी चित्र सुधारलं. पण त्यात ह्यांची चुटकी नव्हती, ते मला कळलं. दुसरा कोणीतरी हात होता, घाईचा.

बायका लवकर उठल्या. पापड्या तशाच राहिल्या.

५ नोव्हेंबर, शनिवार

हे काल दुपारी आले आणि झोपले. आज सेगावा आला. हे आत झोपलेले. त्याने बूट काढले नाहीत, दारातच उभा राहिला.

"उजवा कान दोन वर्षांपूर्वीच गेला, वहिनी. डावाही निम्मा. खोलीतल्या आम्हा सहा जणांना ठाऊक होतं. मिझोगुची-सान मनगटावर ताल द्यायच्या. वादक थांबले की बोट थांबायचं. दोन वर्षांत एक चुटकी चुकली नाही. विसावा उत्सव होईपर्यंत तोंड उघडायचं नाही, असं आम्ही ठरवलं होतं. वर कळलं असतं तर त्याच दिवशी काढलं असतं."

"मग परवा?"

"परवा मी मागून ओरडत होतो, 'थांबा, थांबा!' त्यांच्या पाठीला हात लावला तेव्हा वळले. माझ्या ओठांकडे बघितलं. मग स्वतःच खुर्चीतून उठले आणि मला बसवलं." तो जरा थांबला. "मला ती खुर्ची हवी होती, वहिनी. खोटं नाही बोलत. पण अशी नको होती."

मी त्याच्या बुटांकडे बघत होते.

"तुम्हाला खरंच कळलं नाही? एका घरात राहून?"

"मला कोणी सांगितलं? मी काय ज्योतिषी आहे?" मी म्हटलं.

"नाही," तो म्हणाला. "पण भात तुम्हीच वाढता ना?"

दार लावून घेतलं. उद्धट मेला! बराच वेळ दाराशी उभी होते.

ह्यांनी राजीनामा दिला आहे. कंपनीने फुलांचा गुच्छसुद्धा दिला नाही.

९ नोव्हेंबर, बुधवार

जप होत नाही. नाव घ्यायला लागले की बोटं आपोआप मांडीवर चार मोजतात.

मी चुकले असं मला वाटत नाही. जे दिसलं त्यावरून कोणत्याही बाईने हेच केलं असतं. ह्यांनी सांगायला हवं होतं. तिनेही सांगायला हवं होतं. सगळ्यांनी मिळून मला वेडी ठरवलं.

हे वरचं पुन्हा वाचलं. हिशेबात एखादी रक्कम चुकली की ओळ सोडून पुढे जाता येत नाही, तसं होतंय.

११ नोव्हेंबर, शुक्रवार

मिझोगुचीचा पत्ता सेगावाकडून घेतला. मिठाईची पेटी घेऊन गेले. भाड्याचं घर, दुसरा मजला, लोखंडी जिना. तिने दार अर्धंच उघडलं. आतून कोणा म्हाताऱ्या बाईच्या खोकण्याचा आवाज येत होता. तिची आई असावी.

मी वाकून पेटी पुढे केली. "पत्र मी लिहिलं होतं."

तिला नवल वाटलं नाही. "अठरा वर्षं तोच साबण," ती म्हणाली. "वाचून दाखवलं होतं मला. सगळ्यांसमोर, दोनदा. आणखी तीन कार्यक्रमांतून काढलं मला. हात धरणारी बाई म्हणून."

"मला माहीत नव्हतं."

"मी विचारलं होतं तुम्हाला. फाटकापाशी. तुम्ही कोणत्या बाजूला बसता, म्हणून."

मी पेटी तशीच धरून उभी. तिने घेतली नाही.

"न्या परत. मी ही खाल्ली, तर तुम्हाला घरी जाऊन चांगली झोप लागेल. मला काय सांगता? त्यांना सांगा. त्यांना वाटतंय त्यांच्या कानांनी घात केला."

"त्यांना सांगितलं तर..."

"तर काय ते मला नका विचारू, कुरोसु बाई," ती म्हणाली. वहिनी म्हणाली नाही. दार लागलं.

१३ नोव्हेंबर, रविवार

रद्दीवाला आज येणार होता. रद्दी देऊन बदल्यात स्वच्छतागृहातल्या कागदाचे रूळ घ्यायचे. हे सकाळपासून ओसरीवर वीस वर्षांचे गाण्याचे कागद बांधत बसले होते. एकेक वर्ष सुतळीने आवळायचे, कोपरे बरोबर करायचे. ऊन चांगलं होतं. कुंपणापलीकडे होशिना-सान गाद्या काठीने झोडपत होत्या.

मी जाऊन डाव्या बाजूला बसले. तोंड ह्यांच्या कानाशी नेलं.

"साबणवाल्यांना पत्र मी लिहिलं होतं," म्हटलं.

ह्यांचे हात थांबले. "काय?"

मी पुन्हा, जरा मोठ्याने. "मिझोगुची-सानला काढायला लावलं ते पत्र. मी लिहिलं."

कपाळाला आठ्या घालून माझ्याकडे कान वळवला. "काय म्हणालीस?"

मग मी ओरडले. लग्न झाल्यापासून ह्या घरात माझा आवाज असा कधी निघाला नव्हता. "पत्र मी लिहिलं! मी! तुमच्या बायकोने! माझ्यामुळे तुमचा उत्सव गेला!"

कुंपणापलीकडची काठी थांबली. मागच्या घरातली खिडकी उघडली, ते मला दिसलं. मी तशीच बसून राहिले, तोंड उघडं.

ह्यांनी सुतळीची गाठ मारली. ओढून पाहिली. एकोणिसावं वर्ष उचलून बाकीच्यांवर ठेवलं.

"पहिल्यांदा म्हणालीस तेव्हाच ऐकू आलं होतं," म्हणाले.